त्रा क्वे गावात एक दिवस स्वयंपाकाचा

व्हिएतनामहून परत आल्यापासून भेटणारा प्रत्येकजण आम्हाला एकच प्रश्न विचारतो. तिथला समुद्र कसा, भाषा कळली का, खर्च किती आला, हे सगळे नंतर. आधी विचारतात, "पण तुम्ही खाल्लंत काय?"

प्रश्न रास्त आहे. सुमारे दहा कोटी लोकसंख्येच्या या देशात मुसलमान एक लाखाच्याही आत आहेत. डुकराचे मांस तिथल्या रोजच्या जेवणात आपल्याकडच्या कांद्याइतके सहज असते. ते वेगळे ओळखू येईल असे नेहमीच ताटात पडत नाही. कधी ते शेवयांच्या रश्श्यात असते, कधी पावाच्या सारणात, कधी भाजी परतायच्या चरबीत. हनोईत आमचे बरे चालले होते. तिथे हांग लुओक रस्त्यावर अल-नूर मशीद आहे, 1890 च्या सुमारास हिंदुस्तानी व्यापाऱ्यांनी बांधलेली. तिथे जुम्म्याची नमाज मिळाली, शहरात हलाल जेवणही मिळाले. पण विमानाने दा नांगला उतरून तिथून तीसेक किलोमीटरवरच्या होई आन या जुन्या बंदरात आलो, आणि अम्मींनी हात आखडता घेतला. केळी, उकडलेली अंडी, आणि खोलीवर आमच्या विजेच्या कुकरात शिजवलेला भात. "तुम्ही फिरा, माझं पोट भरलंय," हे त्यांचे वाक्य दोन दिवस ऐकले. अम्मी 68 वर्षांच्या. त्यांना एवढ्या लांब आणायचे आणि केळ्यांवर ठेवायचे, हे आम्हा दोघांनाही खुपत होते.

होई आनच्या आसपासच्या खेड्यांत पाहुण्यांना स्वयंपाक शिकवतात. एरवी आम्ही त्या वाटेला गेलो नसतो. सुट्टीवर येऊन पुन्हा स्वयंपाकच करायचा, तोही पैसे देऊन, हे घरातल्या बायकांना सांगून पाहा! पण मग लक्षात आले, की उपाहारगृहात ताट समोर येते तेव्हा त्यात काय गेले ते सांगणारा आतमध्ये असतो. इथे तर आपणच सुरी धरायची, आपणच तेल ओतायचे. आम्ही त्रा क्वे गावातल्या एका घराला निरोप पाठवला. आम्ही मुसलमान आहोत, डुकराचे काही नको, दारू नको, तुमच्याकडचे कोंबडी-गोमांसही नको, मासे, कोळंबी, अंडी, भाजी चालेल. तासाभरात उत्तर आले, "या." माणशी साडेसात लाख डाँग. आकडा ऐकून दचकू नका, आपले अडीच हजार रुपये होतात.

त्रा क्वे होई आनपासून तीनेक किलोमीटर. सायकलने अर्धा तासही लागत नाही. आम्ही गेलो ते एप्रिलच्या अखेरीस, मुलीची परीक्षा संपताच, म्हणजे तिकडे भातकापणीच्या दिवसांत. डांबरी रस्त्याच्या अर्ध्या भागावर भात वाळत घातलेले होते आणि गाड्या निमूटपणे उरलेल्या अर्ध्यातून जात होत्या. कोणी हॉर्न वाजवत नव्हते.

गावाच्या नावाचा अर्थ चहा आणि दालचिनी, पण गावात पिकतो तो पाला. एका बाजूला नदी, दुसऱ्या बाजूला खाजण, मध्ये रेताड जमिनीचे अरुंद, लांब वाफे. इतके रेखीव, की आपल्याकडे कोणी अंगणातली रांगोळीही एवढ्या मन लावून काढत नसेल. खाजणातले पाणशेवाळ उपसून आणायचे, वाफ्यात पसरायचे, वर माती ओढायची, आणि ते कुजू द्यायचे. हेच इथले खत, पिढ्यान् पिढ्या चालत आलेले. संयुक्त राष्ट्रांच्या पर्यटन संघटनेने 2024 साली जगातल्या उत्तम पर्यटन गावांच्या यादीत या गावाचे नाव घातले. त्यामुळे आता वाफ्यांपेक्षा वाफ्यांचे फोटो काढणारे जास्त, असे काही वेळा वाटते. खांद्यावर कावड घेऊन दोन झाऱ्यांनी एकाच वेळी पाणी घालायचा प्रयोग आमच्याकडूनही करून घेतला. मुलीला जमला. आमच्यापैकी बाकीच्यांचे पाय भिजले.

शिकवणाऱ्या बाई साठीच्या, बारीक चणीच्या, दात पुढे, आवाज मोठा. त्यांना इंग्रजी येत नव्हते. त्यांची भाची दुभाषी होती. ती त्यांना 'को' म्हणत होती, म्हणून आम्हीही 'को' म्हणू लागलो. को म्हणजे बापाची बहीण. आपली फुफूच की! व्हिएतनामी माणूस परक्यालाही नुसते 'तुम्ही' म्हणत नाही. समोरच्याचे वय पाहून त्याला काका, आत्या, ताई, दादा यांतले एक नाते देतो आणि त्याच नात्याने बोलतो. कोंनी अम्मींना थोरली बहीण ठरवून टाकले.

आल्या आल्या हातात पेला दिला, गवती चहाचे गार पाणी आणि त्यात फुगलेले काळे बी. अम्मींनी एक घोट घेतला आणि म्हणाल्या, "हा तर सब्जा." होता तो सब्जाच. तिकडे त्याला हात ए म्हणतात. मग वाफ्यात गेलो तेव्हा को एकेक पान चुरगाळून नाकाशी धरू लागल्या. तिया तो नावाचे पान वरून हिरवे, खालून जांभळे. ज्येप का नावाच्या पानाला चक्क कच्च्या माशाचा वास. एकाचे नाव राव राम, ते ऐकून मुलीने हात जोडून "राव, रामराम" केले. त्याची चव कोथिंबिरीच्या जवळची, पण तिखटसर. आणि मग हुंग क्वे. पान हातात येताच अम्मी गप्प झाल्या. आपल्याकडच्या सब्जाच्याच जातीचे ते झाड. आमच्याकडे फालुद्यात बी जाते आणि कबरीवर पाला. अब्बांना जाऊन तेव्हा दीड वर्ष झाले होते. कोंनी भाचीमार्फत विचारले, "ताईंना वास आवडला नाही का?" आम्ही कारण सांगितले. कोंनी काही न बोलता त्या पानाची मोठी जुडी खुडली आणि अम्मींच्या टोपलीत ठेवली.

खरा प्रश्न स्वयंपाकघरात उभा राहिला. बांबूची उघडी पडवी, ओळीने शेगड्या, प्रत्येक शेगडीवर एक लोखंडी तवा. तवे स्वच्छ, लखलखीत. पण अम्मींनी भाचीला विचारलेच, "काल यात काय केलं होतं?" भाचीने खरे ते सांगितले. काल यातच डुकराचे मांस घालून धिरडी केली होती. रात्री साबणाने धुतले आहेत, म्हणाली.

अम्मींचे शिक्षण कोकणातल्या शाफई घरातले. डुकराचा स्पर्श झालेले भांडे सात वेळा पाण्याने धुवायचे आणि त्यातली एक खेप मातीची, ही त्यांच्या घरातली शिकवण. दुसऱ्या काही मसलकांत एवढे नाही, साफ धुतले की झाले. आम्ही दोघे एकमेकांकडे पाहत होतो. दुसऱ्याच्या घरी जाऊन, त्याची घासलेली भांडी मातीने घासायला सांगायची? मुलगी तर कानात पुटपुटली, "अम्मी, प्लीज, ते काय म्हणतील!" पण अम्मींनी सरळ भाचीला सांगितले. अगदी शांतपणे, हाताने करून दाखवत. सात बोटे, मग जमिनीकडे बोट.

भाची गोंधळली. तिने मावळणीला सांगितले. को थोडा वेळ तव्याकडे, थोडा वेळ अम्मींकडे पाहत राहिल्या. मग तवा उचलून सरळ वाफ्याकडे गेल्या, कडेची कोरडी माती मूठभर घेतली, नळापाशी बसल्या आणि घासू लागल्या. अम्मी शेजारी जाऊन बसल्या आणि पाणी ओतू लागल्या. एक, दोन, तीन. को मोठ्या आवाजात व्हिएतनामीत मोजत होत्या. भाची हसत आमच्याकडे आली. को म्हणत होत्या, आमच्या लहानपणी साबण कुठे होता, आई भांडी राखेने आणि मातीनेच घासायची. तुमच्या ताईंना भांडी घासणे कळते.

त्यानंतर को स्वतःच एकेक गोष्ट दाखवू लागल्या. लाकडी पाटाकडे बोट करून नाही म्हणाल्या आणि त्यावर केळीचे पान अंथरले. तेलाची बाटली उघडून आम्हाला वास दिला, शेंगदाण्याचे तेल. या भागात पूर्वीपासून तेच वापरतात. मग एक पिवळे पाकीट उचलले आणि तसेच खाली ठेवले. ते आमच्या कायम लक्षात राहील. हात नेम नावाचे ते दाणेदार मसाल्याचे मीठ तिथे घरोघरी असते. भाजीत, सूपमध्ये, सगळीकडे चमचाभर. त्यातले बरेचसे डुकराच्या हाडांच्या अर्कावर केलेले असते. म्हणजे तुम्ही 'मांस नको' म्हणून नुसती भाजी मागवलीत, तरी ते आत असू शकते. धिरड्यांबरोबर दा नांगकडे जी दाट, शेंगदाण्याची दिसणारी चटणी देतात, तीतही बहुधा डुकराचे काळीज वाटून घातलेले असते. आम्ही आदल्याच दिवशी ती 'शेंगदाण्याची चटणी' पाहून मागवायच्या बेतात होतो.

राहिला प्रश्न नुओक मामचा. त्याशिवाय व्हिएतनामी जेवण नाही. मांदेलीच्या कुळातले छोटे मासे आणि मीठ, साधारण तीनास एक, लाकडी पिंपात किंवा मातीच्या रांजणात भरायचे आणि वर्षभर ठेवायचे. खालच्या तोटीतून जो तांबूस रस गळतो तो नुओक माम. वास उग्र, पण ज्यांच्या घरी पावसाळ्याची सुकट-बोंबलाची बेगमी होते त्यांनी नाक मुरडू नये. कोंनी बाटलीवरची यादी वाचून दाखवली. मासे, मीठ, बस. सगळ्या बाटल्यांवर एवढीच यादी नसते, म्हणून वाचून घ्यावी. अम्मींनी बोटावर थेंब घेतला, चाखला आणि म्हणाल्या, "सुक्या जवळ्याचं पाणी." त्यात लिंबू, साखर, पाणी, ठेचलेला लसूण आणि लाल मिरची घातली, की होते ती बुडवून खायची चटणी. आंबट, गोड, खारट, तिखट चारही चवी सारख्या यायला हव्यात. कोंनी आमच्या वाट्या तीन वेळा परत पाठवल्या.

पहिला पदार्थ ताम हूउ, म्हणजे तीन मित्र. कोळंबी, डुकराच्या मांसाची फोड आणि सुवासिक पाला एकत्र धरून वर वाफवलेल्या कांद्याच्या पातीने गाठ मारायची. आमच्यासाठी दुसऱ्या मित्राच्या जागी अंड्याच्या पोळीची पट्टी आली. मित्र तीनच राहिले पाहिजेत, असा कोंचा आग्रह होता. मग सुरमईचे तुकडे. ओली हळद, गवती चहा, मिरी, नुओक माम वाटून लावायचे, केळीच्या पानात बांधायचे आणि निखाऱ्यावर ठेवायचे. यात शिकण्यासारखे आम्हाला फार नव्हते. पानातला मासा कोकणात नवा नाही. फक्त खोबरे नाही म्हणून अम्मी हळहळल्या.

पण बान सेओ! बान म्हणजे पिठाचा पदार्थ, आणि सेओ म्हणजे तव्यावर पीठ पडताच होणारा आवाज. आपण 'चर्र' म्हणतो तसा. भिजवलेले तांदूळ दगडी जात्यात पाण्यासकट वाटायचे. मुलगी खुंटा धरून फिरवत होती, अम्मी डावाने तांदूळ सोडत होत्या, आणि खालच्या पन्हळीतून पांढरे दूध ओघळत होते. त्यात हळद, मीठ, कांद्याची पात. पीठ ताकासारखे पातळ. तवा धूर येईपर्यंत तापवायचा, तेलात दोन-तीन कोळंब्या परतायच्या, वरून पीठ ओतायचे आणि तवा उचलून गोल फिरवायचा. मूठभर मोड आलेले मूग, झाकण, दोन मिनिटे. झाकण काढल्यावर कडा सुटून वर येईपर्यंत थांबायचे. इथेच सगळे चुकतात, घाई करतात. मग अर्ध्यात दुमडायचे.

"घावनच आहे हे," अम्मी म्हणाल्या. आहे आणि नाही. घावनाला जाळी पडली पाहिजे, ते मऊ राहिले पाहिजे. बान सेओ कुरकुरीत नसेल तर को ते बाजूला टाकतात. घावन आपण रश्श्यात बुडवतो. बान सेओचा तुकडा मोडून तांदळाच्या पातळ पापडीत ठेवायचा, वर मघाचा सगळा पाला रचायचा, गुंडाळी करायची आणि चटणीत बुडवायची. ही पापडीही आम्ही करून पाहिली. उकळत्या पाण्याच्या भांड्यावर ताणून बांधलेले फडके, त्यावर पळीभर पीठ पसरायचे, वाफ द्यायची आणि बांबूच्या पट्टीने अलगद उचलायचे. उन्हात वाळवली की वर्षभराची बेगमी. उन्हाळ्यात आपल्याकडे फेण्या घालतात, तीच रीत. फक्त आपण तळून खातो, ते पाण्यात भिजवून.

दुसऱ्या बान सेओला अम्मींनी डाव स्वतःच्या हातात घेतला. पीठ मध्ये न ओतता कडेकडून धार सोडत आत आणली, घावन घालतात तशी. कोंनी आधी हात आडवा धरला, मग मागे घेतला. उतरले ते सबंध, कुठे भोक नाही. को हसत सुटल्या आणि पुढचे स्वतः तसे घालायला गेल्या. त्यांचे फाटले.

जेवणाआधी जोहरची वेळ झाली होती. आम्ही मुसाफिर, कसरच पढायची. घरात पूर्वजांचे देवघर, उदबत्त्या, म्हणून आम्ही पडवीची जागा मागितली. कोंनी झाडून नवी गवताची चटई अंथरली. दिशा मात्र आम्हालाच शोधावी लागली. तिथूनही किबला पश्चिमेलाच, किंचित उत्तरेकडे.

बसल्यावर भाचीने विचारले, "तुम्ही चामांसारखे का?" तिच्या माहितीतले मुसलमान म्हणजे चाम लोक. हा सगळा किनारा एकेकाळी त्यांच्या चंपा राज्याचा होता. होई आनपासून सुमारे 40 किलोमीटरवर मी सोन येथे त्यांच्या पूर्वजांनी बांधलेली विटांची शिवमंदिरे आहेत आणि तिथल्या शिलालेखांत संस्कृत आहे. राज्य गेले, लोक पांगले. त्यांच्यातल्या पुष्कळांनी पुढे इस्लाम स्वीकारला. आज दक्षिणेला मेकाँगच्या खोऱ्यात, आन ज्यांग भागात, नदीकाठी त्यांची गावे आणि मशिदी आहेत. ते सुन्नी, आणि मसलक शाफई. म्हणजे सात वेळा धुतलेले तवे या देशात आम्ही येण्याआधीपासून असणारच. हे ऐकून अम्मींना झालेला आनंद आम्हाला मी सोनच्या मंदिरांपेक्षा मोठा वाटला. त्यांना लगेच आन ज्यांगला जायचे होते. या खेपेस ते जमले नाही.

अम्मींनी बिस्मिल्लाह म्हणून पहिली गुंडाळी उचलली. तीन बान सेओ, मासा, ताम हूउ, वर भात. दोन दिवसांची भूक आम्ही पाहत होतो. कोंनी प्रत्येक वेळी त्यांच्या वाटीत आधी पाला घातला, हुंग क्वेचा.

व्हिएतनामला जाणाऱ्यांनी एक शब्द लक्षात ठेवावा, 'चाय'. तो चहा नव्हे. चहाला 'त्रा' म्हणतात. चाय म्हणजे शाकाहारी. चांद्रमासाच्या पहिल्या आणि पंधराव्या दिवशी तिथले अनेक बौद्ध मांस खात नाहीत, त्यामुळे गावोगाव चायची दुकाने असतात आणि तिथे चरबी, हाडांचा अर्क यांची भीती नसते. दुसरा शब्द 'खोंग हेओ', डुकराचे नको. पण उच्चार आमच्या तोंडून जे निघत ते ऐकून लोक फक्त हसत. म्हणून निघताना भाचीने एका कागदावर व्हिएतनामीत सगळे लिहून दिले. मांस नको, चरबी नको, हात नेम नको, दारू नको, मासे-अंडी चालेल. दोन दिवसांनी ह्वे शहरात एका हातगाडीवाल्या बाईने तो कागद वाचला, आपल्या पातेल्याकडे पाहिले, मान हलवली, आणि आमचा हात धरून पलीकडच्या गल्लीतल्या चायच्या दुकानापर्यंत सोडायला आली.